सीताफळाची दिंडं

दुष्काळाच्या त्या सालात लग्नानंतरचा पहिला दिवाळसण म्हणून माझी धाकटी नणंद नवऱ्याला घेऊन माहेरी आली, आणि पिशवी खाली ठेवायच्या आत मला चुलीपाशी ओढत म्हणाली, "वैनी, गोड काई तरी करा. तिकडं सासू म्हनली, तुज्या माहेरी जावयाला काय वाढतेत, खडी का? मीबी म्हनलं, आमच्या वैनी अंबाजोगाईच्या हायेत, शिकलेल्या. ताट रिकामं गेलं तर जन्मभर ऐकावं लागंल मला."

घरात गहू नव्हता, हरभऱ्याची डाळ नव्हती. आम्ही सगळेच दुष्काळी कामावर खडी फोडत होतो, आणि तिच्या सासूचं बोलणं जिव्हारी लागलं ते खरं होतं म्हणूनच. सोसायटीच्या दुकानात पिवळ्या मक्याशिवाय काही मिळत नव्हतं. गुळाचा एक खडा सासूबाईंनी डब्यात असा जपला होता, की मुंग्यांनाही त्याचा पत्ता नव्हता. पण डोंगरावर सीताफळं होती. पाऊस येवो न येवो, खडकातल्या त्या झाडांना आमच्यासारखी तक्रार करायची सवय नाही.

मी तेव्हा मॅट्रिक झालेली. म्हणजे मला सगळं येतं, अशी माझी पक्की समजूत. सासूबाईंना म्हटलं, "आत्याबाई, मक्याच्या पारीत पुरणाच्या जागी सीताफळाचा गर भरू आणि दिंडं उकडू."

"सीताफळ कोन उकडतंय का गं?"

"आपण उकडू!"

त्यांनी चाळण काढून माझ्यापुढे ठेवली. मला वाटलं, पटलं. गाढव होते मी. सून स्वतः होऊन खड्ड्याकडे निघाली की सासू कशाला अडवेल?

दुपारभर मी बिया काढत बसले. मक्याचं पीठ गार पाण्यात मळलं तर त्याला भेगा पडल्या, अगदी आमच्या रानासारख्या. मग आधण ठेवलं, चिमूटभर मीठ टाकून पिठाची उकड काढली, हात पोळवून घेत मळली. पाऱ्या लाटल्या, गर भरला, चौकोनी घड्या घातल्या. पातेल्यावर चाळण, चाळणीत ओलं फडकं, फडक्यावर माझी दिंडं. उरलेला वाडगाभर गर मी उतरंडीमागे सरकवला. तो पाहुण्यांसाठी नव्हता. करणारीचा काही हक्क असतो की नाही?

जावईबापू पाटावर बसले तेव्हा मी एक दिंड मोडून जिभेवर ठेवलं. कडू! कडुनिंबाचा पाला वाटून भरल्यासारखं. एरवी साखरेसारखं असणारं फळ वाफ लागली की असं उलटतं, हे मॅट्रिकला कुणी शिकवलं नव्हतं.

सासूबाईंनीही बोट लावून पाहिलं. "कावून गं, जावयाला काढा पाजतीस काय?" त्या कुजबुजल्या. दारात उभ्या नणंदेच्या डोळ्यांत पाणी तरारलं.

मग माझा हक्क गेला उतरंडीच्या मागून बाहेर! दिंडं उकलली, आतला कडू गर खरवडून टाकला, पिवळ्या पाऱ्या धुऊन पुसून त्यांचे तुकडे केले आणि सुपानं वारा घालून गार केले. सासूबाईंनी गुळाचा खडा किसला. वरून वाडग्यातला तो न उकडलेला गर आणि घोटभर शेळीचं दूध. वाटी जावईबापूंच्या ताटात गेली.

त्यांनी बोटानं ढवळून पाहिलं. "हे काय म्हनायचं?"

"अंबाजोगाईला दिवाळसणाला हेच असतंय," मी ठणकावून सांगितलं. सासूबाईंना ठसका लागला.

मऊ गरात मक्याचे ते चिवट तुकडे दाताखाली येत होते, गोडाबरोबर किंचित खारट. जावईबापूंनी वाटी बोटानं निपटून काढली. मग खालमानेनं म्हणाले, "वैनी, अजून हाय का?"

"हाय की, लई हाय!" असं म्हणून मी स्वतःची वाटी त्यांच्यापुढे सरकवली आणि आत जाऊन भाकरी खाल्ली. ती त्या दिवशी कशी कोण जाणे, गोड लागली.

चार दिवसांनी मी त्या दोघांना यष्टीत बसवायला गेले. नणंद खिडकीशी बसली होती, आणि शेजारच्या अनोळखी बाईला साऱ्या गाडीला ऐकू जाईल अशा आवाजात सांगत होती, "आमच्या माहेरी दुष्काळ असला तरी जावयाचा मान ठेवतेत बरं का! सीताफळाची बासुंदी केलती वैनीनं. वर ही जाड साय. ह्यांनी दोनदा मागून खाल्ली, इचारा त्यांला."

जावईबापूंनी गंभीरपणे मान हलवली. "साय तर लईच होती."

बाईनं खिडकीतून माझ्याकडे पाहिलं. "खरं का वो?"

"तर!" मी खालून म्हटलं. "म्हशी उभ्या हायेत दावणीला."

आमच्या म्हशी केव्हाच गुरांच्या छावणीत गेल्या होत्या. गाडी सुटली तरी नणंद बोलतच होती.