भादव्यात मोजलेले अंतर

नानांना मी लहानपणापासून पाहत होतो. आमची घरे एकाच गावात. ओळख मात्र एका अर्जामुळे झाली. ऐंशीच्या दशकाचा मध्य असेल. मी नुकताच एम.ए. होऊन धुळ्याच्या एका महाविद्यालयात मराठी शिकवू लागलो होतो आणि सुकलाल नाना सरपंचपदावरून जिल्हा परिषदेवर निवडून गेले होते.

आमचे गाव गिरणेच्या काठी. गावची शाळा सातवीपर्यंत. पुढचे वर्ग मिळावेत म्हणून गावाने अर्ज करायचे ठरवले आणि तो लिहिण्याचे काम माझ्याकडे आले. माझी धाकटी बहीण शोभा सातवीत जाणार होती. वडिलांनी सांगून टाकले होते, शाळा गावात आली तर शिकेल, नाही तर सातवी पुष्कळ झाली. तेव्हा अर्ज मी मन लावून लिहिला. नदीपलीकडच्या चार गावांनाही आमचीच शाळा सोयीची, अंतर दीड किलोमीटर, असे एक ठाम वाक्य त्यात होते.

नानांनी ओट्यावर बसून तो दोनदा वाचला.

“भाषा चांगली आहे, सर. अंतर कधी मोजलं?”

“चैत्रात.”

“भादव्यात जाऊन येऊ,” म्हणाले, आणि कागद खिशात ठेवला.

आमच्याकडच्या कुणालाच त्या वाक्यात चूक दिसली नव्हती. वर्षातले आठ महिने नदी हाच आमचा रस्ता. वाळूतून बैलगाड्या जातात, वऱ्हाडे जातात. सगळी अंतरे आम्ही कोरड्या पात्रावरून सांगतो. तिथे पाणीही असते हे ठाऊक असते, पण मोजताना आठवत नाही.

भादव्यातली ती सकाळ अजून कधी कधी मला स्वप्नासारखी दिसते. धुके होते. कपाशीला पिवळी फुले आली होती. नाना पुढे, मी मागे. काठाशी आलो तेव्हा नदी पसरट, मातकट, आवाज न करता चालली होती. पलीकडची गावे धुक्यात अर्धवट होती, कुणीतरी पुसत आणल्यासारखी. मग आम्ही लांबच्या पुलाच्या दिशेने वळलो. पायीच. पलीकडच्या पहिल्या गावात पोहोचलो तेव्हा दुपार कलली होती.

परतताना ते म्हणाले, “सर, अर्ज पुन्हा लिहा. गाव तेवढं बदला. एका गावच्या पोरांनी वळसा घालायचा की चार गावच्या, एवढंच आहे.”

मी लिहिला नाही. नानांनी दुसऱ्याकडून लिहवून घेतला, खाली सही केली, आणि शाळा पलीकडे मंजूर झाली. नेमकी त्या गावात, जिथे नानांची थोरली बहीण, अक्का, दिलेली होती. गावाला आणखी काय हवे होते? पुढे काही महिन्यांत नानांना विधानसभेची उमेदवारी मिळाली. ते गावात मते मागायला निघाले तेव्हा पारावरून कुणीतरी ओरडले, “बहीनना गावले शाळा दिधी, आते मतं बी तिनाकडेच मांग!” सगळे हसले. नानाही हसले. “बहीन शे ना भाऊ, काय करू?” एवढेच म्हणाले. तो वळसा, ते धुके, ती चार गावे, यातले काहीही त्यांनी सांगितले नाही. मला सगळे ठाऊक होते. मीही सांगितले नाही. आज नानांच्या साठीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथात ते लिहीत आहे, ही माझी उशिराची साक्ष समजावी.

नाना आमदार झाले, पण गावाचे मत त्यांना मिळाले नव्हते. निकालानंतर ते घरी आले तेव्हा ओट्यावर कुणी गेले नाही. दुसऱ्याच दिवशी ते आमच्या दारात उभे होते. वडिलांनी बसा म्हटले नाही. नाना उभ्यानेच म्हणाले की आठ महिने शोभा कोरड्या नदीतून जाईल, पाण्याचे चार महिने अक्काकडे राहील, आणखी कुणाच्या मुली असतील तर त्याही. अक्कांना ते आधीच विचारून आले होते. अक्कांचे उत्तर पुढे आमच्या घरात म्हणीसारखे झाले : “शिव्या तुले, आनि पोरी माले! धाडी दे.”

शोभा आणि गावातल्या आणखी दोघी तीन पावसाळे अक्कांकडे राहिल्या. शोभा दहावी झाली, पुढेही शिकली. आज ती दोंडाईच्याला टेलिफोन खात्यात आहे.

विधानसभेत नाना फार बोलत नसत. त्यांना भाषण करता येत नाही, हे त्यांच्या चाहत्यांनीही मान्य करावे. सभेत त्यांचे वाक्य सुरू होते आणि मध्येच कुठेतरी विसावते. पण रस्ता असो, धरणगावच्या बाजूची पाण्याची योजना असो, कागद समोर आला की त्यांचा प्रश्न ठरलेला : हे कोणत्या महिन्यात पाहिले? पुढे पुढे अधिकारी आपणहूनच महिना लिहू लागले. पाहणीला नाना स्वतः जात, आणि शेवटचा टप्पा पायीच.

पाच वर्षे अशी गेली. दुसरी निवडणूक आली. नाना सगळीकडे फिरले, आमच्या गावात मात्र आले नाहीत. एका संध्याकाळी वडील उठले, टोपी घातली आणि त्यांच्या घरी गेले. मी बरोबर होतो.

“नाना, गावमा काबर फिरत नही?”

“कोणत्या तोंडाने फिरू? शाळा दिली नाही तुम्हाला.”

वडील खांबाला टेकून उभे राहिले. मग म्हणाले, “मत देवानं का नही देवानं, ते आम्ही देखसूत. तू मांगाले तर ये.”

नाना उठले. चपला सापडेनात, तसेच अनवाणी निघाले. दिवेलागण होत होती. चुलींचा धूर गल्लीत खाली उतरला होता आणि त्यातून ते दारोदार हात जोडत चालले होते. दारे उघडत होती. कुणी पाणी दिले, कुणी टोमणा दिला. एका म्हातारीने सगळ्यांसमोर त्यांना पाच वर्षांचे साठवलेले सुनावले, आणि मग चहा ठेवला. नानांनी तो बसून प्यायला. त्या वेळी ती निवडणूक मला फार लांबची, दुसऱ्याच कुणाची तरी वाटली.

नाना साठ वर्षांचे झाले. हा माणूस आम्हाला पुष्कळ वर्षे हवा आहे. त्यांचे पाय धड राहोत, झोप शांत राहो, आणि गावाला त्यांच्याशी भांडण्याइतका हक्क त्यांच्यावर कायम वाटत राहो.