धडामरावांची उलटी झांज

काकूंनी धडामरावांना आधी पाहिलं नाही. आधी त्या जमिनीपासून वीतभर उडाल्या. तेव्हा त्या काकू नव्हत्या, शिंप्याच्या दुकानातली मुलगी होत्या. तोंडात टाचण्या धरून हॉटेलच्या हॉलमध्ये बँडमास्तरांच्या कोटाचं माप घेत होत्या. मागून असा आवाज आला, की भांड्यांचं कपाट जिन्यावरून गडगडत यावं आणि वर त्यालाच राग यावा. मास्तरांना दोन टाचण्या टोचल्या. तिसऱ्या मजल्यावरची ठार बहिरी म्हातारी “आले, आले” म्हणत दार उघडायला गेली, असं धडामराव पुढे शपथेवर सांगत.

“घाबरलात?” ड्रममागून एक काडीपैलवान उठला. “ही चायना. चिनी धाटणीची झांज. हिचा स्वभावच तापट.”

“उलटी टांगलीय तुम्ही.”

“उलटीच टांगायची. काठ वर वळलेला असतो ना. सरळ टांगली तर काठी काठावर बसते, तडा जातो.”

“आमच्याकडे उलटं लागलं की उसवतात.”

पुढे लग्न झालं. उसवलं नाही.

चायना गाण्यात तिखटासारखी वापरायची, चिमूटभर. धडामराव वर्षानुवर्षं तसंच करत. मग त्यांचे कान जाऊ लागले. आधी घड्याळ गेलं, मग किटली, मग काकूंचे टोमणे. (हे त्यांनी फारसं मनावर घेतलं नाही.) शेवटी सगळ्या ड्रमसेटमधली चायनाच तेवढी ऐकू येत राहिली. बुडत्याला काडीचा आधार. पाळण्यातलं मूल झोपावं अशा गाण्यातही मधेच धडाम!

मास्तर घरी आले. “वहिनी, ती थाळी आवरा. काल नाचणाऱ्या बाईंच्या हातातला पेला उडाला हो! नाहीतर मला माणूस बदलावा लागेल.”

ड्रममागचं स्टूल गेलं तर धडामरावांत काही उरणार नाही, हे काकू जाणून होत्या. त्यांनी कोटाच्या खांद्यात भरायची गादी कापली आणि झांजेच्या जमिनीकडच्या बाजूला गुपचूप चिकटवली.

त्या संध्याकाळी चायना ओल्या टॉवेलसारखी वाजली. मास्तरांनी काकूंकडे पाहून मान डोलावली. धडामरावांनी झांजेवर पुन्हा काठी मारली. मग आणखी जोरात. उरलेलं गाणं त्यांनी मास्तरांच्या पायाच्या ठेक्याकडे बघत पुरं केलं.

“अगं, तीपण गेली,” घरी आल्यावर ते म्हणाले. सकाळी स्वतःच जाऊन मास्तरांना स्टूल परत करून आले.

खरं काय ते सांगायचं, तर हेही सांगावं लागणार होतं, की तुम्हाला ऐकू येणारा एकुलता एक आवाज बाकी कुणालाच सोसत नव्हता. काकूंनी ते उद्यावर टाकलं. उद्याचा परवा झाला, परवाचा हिवाळा.

एका दुपारी त्यांनी घरी आणून ठेवलेल्या झांजेची गादी ओरबाडून काढली, सुरीने डिंक खरवडला. झांज उलटी, हवी तशी टांगली आणि होती नव्हती ती ताकद लावून काठी हाणली.

शेजारीण धावत आली. “काय पडलं हो?”

धडामराव खिडकीशी पाठमोरे शर्टाची बटणं लावत होते. ते वळले नाहीत.

झांज आता नव्या ड्रमरकडे आहे. तो ती वाजवत नाही. सरळ टांगतो आणि तिच्यावर टोपी ठेवतो.