कालुपासून

आमच्या बेंगळुरात कुणी पुणेरी मराठी बोललं की आम्हाला माहेरचं माणूस भेटल्यासारखं व्हायचं. मला आता तसं होत नाही. कुणी "आपण मराठी ना?" म्हणून हसत पुढे आलं की मी कन्नडातच उत्तर देते.

साठच्या दशकातली गोष्ट. माझा थोरला भाऊ, आमचा अण्णा, शिंपी होता. एका सकाळी बसवनगुडीत रस्ता ओलांडताना मोटारीनं त्याला उडवलं. निरोप आला तशी मी शाळेत शिकवत होते, तो वर्ग सोडून दवाखान्यात धावले. अण्णाच्या कपाळाला खोक पडली होती, तोंड पांढरंफटक झालं होतं. मी "अण्णा, काय रे झालं हे!" म्हणून ओरडले, तर शेजारचे तरुण डॉक्टर चमकून म्हणाले, "अरे, तुम्ही मराठी? मी पुण्याचा. आता काळजी सोडा."

मी सोडलीसुद्धा.

"काय होतंय?" त्यांनी अण्णाला विचारलं.

"कालुपासनं दुखतंय, स्वामी," अण्णा पाय धरून कण्हत म्हणाला, "वर कमरेपर्यंत."

आमचं घराणं कैक पिढ्या इथलं. घरात मराठी आणि कन्नड एकाच पातेल्यात शिजायच्या. कन्नडात कालु म्हणजे पाय, आणि दुखण्याखुपण्यात अण्णाच्या तोंडी तोच शब्द यायचा. डॉक्टरांनी मान डोलावली आणि इंग्रजीत भराभर लिहून टाकलं. मला त्यात काही वावगं वाटलं नाही.

खोक भरली. एक्स-रेत हाडं शाबूत निघाली, पण गुडघ्याच्या आतलं काहीतरी तुटलं होतं. पाय टेकला की गुडघा बाजूला कलंडायचा. पायानं चालवायचं शिवणयंत्र कोपऱ्यात कापडाखाली गेलं. मद्रासला यावर शस्त्रक्रिया होते असं कळलं, पण ती आमच्या आवाक्यातली नव्हती, म्हणून भरपाईचा दावा लावला. अण्णा पुन्हा मशीनवर बसणार की नाही, ते आता निकालावर होतं.

विमा कंपनीचे वकील फार गोड बोलायचे. कोर्टाच्या व्हरांड्यात त्यांनी उठून अण्णाला आपली जागा दिली. त्याच्या पायाकडे बघत कन्नडात म्हणाले, "अरेरे, गुडघा जुनाच त्रास देतोय वाटतं." अण्णा भोळा, त्यानं हात जोडले. मी मात्र सावध झाले. गोड बोलून गळा कापणारी जात मी शाळेच्या कमिटीत पुष्कळ पाहिली होती.

डॉक्टर साक्षीला उभे राहिले. त्यांनी त्या दिवशीचा कागद वाचला आणि दुभाष्यानं तो कन्नडात सांगितला. रुग्णाचा पाय कमरेपर्यंत कालपासून दुखतो आहे.

कालपासून! आणि मोटार तर त्याच सकाळी धडकली होती.

"ऐकण्यात चूक झाली असेल," आमचे वकील म्हणाले.

"रुग्ण मराठीत बोलला," डॉक्टर ताठपणे म्हणाले. "ती माझी मातृभाषा आहे."

तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. मी जागेवरूनच ओरडले, "तो कालु म्हणाला! कालु म्हणजे पाय!" न्यायाधीश कानडी होते. त्यांनी चटकन मान वर केली. तेवढा एक क्षण मला वाटलं, सुटलो.

गोड वकील सावकाश उठले. "डॉक्टर, पायाला मराठीत काय म्हणतात?"

"पाय."

"कालु असा शब्द मराठीत आहे?"

"नाही."

खरंच होतं ते. पुण्याच्या मराठीत नव्हता. डॉक्टर कानडी असते, फार काय, पायाला 'काल' म्हणणारे तमिळ असते, तरी अण्णा वाचला असता. आपल्या माणसानंच त्याला बुडवलं. जिन्यात ते मला म्हणाले, "ताई, मी ऐकलं तेच लिहिलं हो." मी तोंड फिरवलं. आजही फिरवीन.

अपघाताच्या दिवशीच लिहिलेला कागद बहिणीच्या ओरडण्यापेक्षा भरवशाचा ठरला. कपाळाच्या खोकेपुरती भरपाई मिळाली, गुडघा जुना ठरला. मद्रास राहिलंच. अण्णा पुढे लोकांच्या दुकानात बसून काजं-बटणं करू लागला.

तिथं येणारं नवं गिऱ्हाईक कधी त्याची काठी बघून विचारायचं, "अण्णा, पाय असा कधीपासून?"

"कालपासून," तो सुईत दोरा ओवत म्हणायचा. वीस वर्षं तो हेच सांगत राहिला.