एक घर अलीकडे थांबलेलं प्यादं

किशोरचा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत बसलो होतो. "काका, पप्पा ऑफ थई गया," पप्पा गेले, एवढंच म्हणाला. किशोर हा वसंतआप्पांचा धाकटा मुलगा. जन्मापासून सुरतेच्या उधन्यात वाढलेला, त्यामुळे गडबडला की गुजरातीच बोलतो. मी "हो" म्हटलं, फोन ठेवला आणि पुन्हा मेथी निवडायला लागलो. काय करायचं ते सुचेचना. जुडी संपली तेव्हा बघतो तर पानं कचऱ्यात आणि देठ ताटात! मग कुठे चपला घातल्या. आज सहा आठवडे झाले. आप्पांवर लिहा, असं इथल्या मराठी मंडळातल्या लोकांनी सांगितलं. पण मला लिहायचं आहे ते आप्पांना सांगायला हवं होतं, आणि ते आता जमण्यातलं नाही…

आम्ही दोघं शिंदखेडा तालुक्यातल्या एकाच गावचे. आप्पा माझ्याहून चार वर्षांनी मोठे, सुरतेला आधी आलेले. मी बारावी होऊन आलो, तेव्हा त्यांनीच मला आपल्या लूमच्या खात्यात चिकटवून दिलं. कापड विणायच्या कारखान्याला आम्ही खातंच म्हणतो. आत एवढा खडखडाट, की शेजारच्याला हाक मारून उपयोग नाही. सगळं बोलणं हातवाऱ्यांनी. तार तुटली, चहा आला, शेठ आला, प्रत्येकाची वेगळी खूण. वर्षानुवर्षं तिथे काढलेल्या माणसाचे कान जातात, आप्पांचेही गेले. आणि अशा माणसाला एक सवय लागते. समोरचा काय बोलला ते कळलं नाही, तरी तो मान डोलावतो. दर वेळी "काय?" विचारायची लाज वाटते ना! ही सवय ध्यानात ठेवा, पुढे तिचं काम आहे.

सुट्टीच्या दिवशी करमायचं नाही, म्हणून मी आप्पांना बुद्धिबळ शिकवलं. मला ते गावात, मारुतीच्या पारावर बसणाऱ्या म्हाताऱ्यांनी शिकवलेलं. म्हणजे देशी नियम. प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकणार. प्यादं शेवटपर्यंत पोचलं, तर ज्या घरात पोचलं त्या घराचा मोहरा होणार : हत्तीच्या घरात हत्ती, उंटाच्या घरात उंट, घोड्याच्या घरात घोडा. वजीर हवा असेल तर वजिराच्याच घरात पोचा. दुसरं काही असू शकतं हे मला माहीत नव्हतं, आणि मलाच माहीत नाही तर आप्पांना कुठून असणार?

गुरू गूळच राहावा आणि चेला साखर व्हावा, तसं झालं. सहा महिन्यांत आप्पा मला हरवायला लागले. मग त्यांना ग्रँडमास्टरांचं वेड लागलं. रद्दीच्या दुकानातून ते वर्तमानपत्रांच्या पुरवण्या आणायचे, त्यातले डाव कात्रीने कापायचे, भाताच्या खळीने एका जाड रजिस्टरात चिकटवायचे. प्रत्येक ग्रँडमास्टरला एक पान. नाव, देश, कितव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला, कुठल्या स्पर्धा जिंकल्या, जगज्जेतेपद मिळालं का आणि किती वर्षं टिकलं. शेवटचा रकाना मात्र आप्पांच्या डोक्यातला होता. त्याचं नाव 'चूक'. एवढा मोठा माणूस कुठल्या डावात, कुठल्या चालीला घसरला, ते तिथे लिहायचं.

"चुका कशाला लिहितोस, आप्पा?" मी एकदा विचारलं.

"मोठा मानसनी चूक बी छापी येस, देवा," ते आमच्या अहिराणीत म्हणाले; मला ते देवाच म्हणत. "आपली कोन छापस?"

गंमत अशी, की ते डाव आमच्या पटावर जुळायचे नाहीत. प्यादं पहिल्याच चालीत दोन घरं जाई, राजा आणि हत्ती एकदम हलत. आप्पा पेपरवाल्यांना शिव्या घालत आणि लाल पेनाने डाव दुरुस्त करत. पुढे मी रात्रीच्या कॉलेजात शिकून मराठी शाळेत मास्तर झालो, आणि शाळेच्या कपाटात मला नियमांचं पुस्तक सापडलं. त्यात लिहिलेलं, प्यादं शेवटच्या कुठल्याही घरात पोचो, त्याचा वजीर करता येतो. मी ते आप्पांना वाचून दाखवलं. ते पोट धरून हसले. "म्हंजे इतला वरीस आपन जगज्जेतासले खोटं पाडी राह्यनूत!" त्या दिवसापासून आम्ही नव्या नियमाने खेळायला लागलो. डोक्याने शिकलो खरं. हाताचं काही सांगता येत नाही.

काही वर्षांपूर्वी सुरतेत एक ग्रँडमास्टर आले होते. त्यांचं नाव लिहीत नाही, झाल्या प्रकारात त्यांचा काडीचा दोष नव्हता. एका शाळेच्या सभागृहात ते एकाच वेळी पंचवीस जणांशी खेळणार होते. मीच आप्पांचं नाव घातलं. पंचविसांत चोवीस शाळकरी मुलं, बाटल्या आणि डबे घेऊन आलेली. आणि त्यांच्यात इस्त्रीचा पांढरा शर्ट घातलेले, हातावर मशीनच्या तेलाचे काळे डाग राहिलेले आमचे आप्पा. ग्रँडमास्टर फिरत फिरत यायचे, चाल करायचे, पुढे जायचे. तासाभरात मुलं एकेक करून उठली. आप्पा बसूनच होते. दोन तासांनी सातच पट उरले आणि ग्रँडमास्टर आप्पांच्या पटाशी थांबायला लागले. एकदा तर ते दोन्ही हात टेबलावर टेकून इतका वेळ उभे राहिले, की बाकीच्या पटांवरची मुलं माना वळवून बघायला लागली. आप्पांचं प्यादं शेवटच्या घराच्या तोंडाशी होतं. घर घोड्याचं. प्यादं पुढे सरकवायचं, वजीर ठेवायचा, की काम फत्ते. दोरीच्या अलीकडे उभ्या असलेल्या मलाही ते दिसत होतं.

ग्रँडमास्टर पटाशी आले. आप्पांनी प्यादं पुढे केलं, बाजूला पडलेल्या मोहऱ्यांकडे हात नेला, आणि उचलला घोडा.

घोड्याच्या घरात घोडा. पारावरचा नियम… माझा नियम.

ग्रँडमास्टर भले माणूस. त्यांनी लगेच चाल केली नाही. वाकून हळूच विचारलं, "शुअर?" त्या हळू आवाजातलं आप्पांना काय ऐकू येणार! त्यांनी मान डोलावली. मी ओरडायला तोंड उघडलं होतं. पण बघणाऱ्यांनी बोलायचं नाही, असा तिथला कायदा. मी मास्तर माणूस, आयुष्यभर पोरांना गप्प बसवलेलं. मीही गप्प बसलो. तिथून नवव्या चालीला आप्पा हरले.

परत येताना रिक्षात ते एवढंच बोलले, "घोडाच बरोबर व्हता." मी म्हटलं, "हो." घरी आल्यावर माझ्या मुलीने, ज्योतीने, ती स्थिती मोबाइलवर मांडली. वजीर केला असता तर चार चालींत मात होती. मी तिला शपथ घातली, आप्पांना कळता कामा नये. पुढे किशोरनेही एकदा तपासू म्हटलं, तर आप्पा खेकसले, "मोबाइलले नको विचारू. मन्हा डाव शे तो." मला वाटलं, बरं झालं. त्यांना माहीत नाही, तेच बरं.

रविवारचे आमचे डाव चालूच राहिले. फक्त एक फरक पडला. आप्पा प्यादं शेवटच्या घरात नेईनासे झाले. एक घर अलीकडे आणून ठेवत, आणि दुसरंच काहीतरी खेळत. जिंकायचा डाव हातचा घालवत. मला दिसत होतं, पण मी कधी विषय काढला नाही. मी काढायला हवा होता.

या वर्षी त्यांना लकवा मारला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. घरचे हवालदिल झाले, पण आप्पा डाव्या हाताने खात्यातल्या खुणा करायचे आणि त्या मला कळायच्या. पाणी, पंखा, पाय दाबा. मी भाषांतर करायचो, वहिनी धावायच्या. शेवटच्या भेटीत त्यांनी मनगट वाकवून घोड्याची मान केली. पट मांडताना आम्ही नेहमी करायचो ती खूण. मग माझ्याकडे बघत राहिले. डोळ्यांतून पाणी येत होतं. सभागृहातला तो घोडाच त्यांना सलतोय असं मी धरलं, आणि माझ्याने ते बघवेना. मी त्यांचा हात धरला आणि कानाशी ओरडून सांगितलं, "आप्पा, काही मनाला लावून घेऊ नको. वजीर केला असता तरी तू हरलाच असतास."

त्यांनी हात सोडवून घेतला आणि तोंड भिंतीकडे केलं. मला वाटलं, थकले असतील.

दहाव्यानंतर वहिनींनी ते रजिस्टर माझ्या हाती दिलं. "तुमनाच कामनं शे, भाऊ," म्हणाल्या. सगळे ग्रँडमास्टर होते तसे होते. शेवटच्या पानावर आप्पांचं स्वतःचं नाव होतं. वसंत महारू. देश : उधना. जिंकलेल्या स्पर्धा : रेघ. खाली तो अख्खा डाव, चालीगणिक. 'चूक' या रकान्यात लिहिलेलं : वजिराऐवजी घोडा. वजिराने चार चालींत मात होती. शाईवरून जुनं दिसत होतं, बहुतेक त्या डावाच्याच आठवड्यातलं. आणि त्याखाली, कंसात : देवाला सांगू नये. नियम त्याने शिकवलेला, जिवाला लावून घेईल.

म्हणजे त्यांना सगळं माहीत होतं, पटावर मांडून स्वतःच शोधलेलं. आयुष्यात एकदा त्यांनी ग्रँडमास्टरला घेरलं होतं, आणि ज्योती सोडली तर ते माहीत असलेली आमच्यातली माणसं दोनच होती, ते आणि मी. त्यातल्या एकाने जाता जाता त्यांना सांगितलं, की तू हरलाच असतास. आता मी कुणाकडे जाऊन शब्द परत घेऊ? फोटोसमोर उभा राहून दोनदा बोललो. फोटो ऐकत नाही, आणि आप्पांना तसंही ऐकू कमीच येई.

रजिस्टरासोबत पटही आला. लकवा मारायच्या आदल्या रविवारी जेवणासाठी अर्धवट सोडलेला डाव वहिनींनी कपाटावर तसाच जपून ठेवला होता. किशोरने दोन्ही हातांनी धरून, एकही मोहरा न हलवता, तो माझ्या घरी आणला. आप्पांचं काळं प्यादं शेवटच्या घराच्या एक घर अलीकडे उभं आहे. काळा वजीर मी डबीतून काढून पटाशेजारी ठेवला आहे. रोज सकाळी पट पुसतो, प्याद्याभोवतीची धूळ फुंकरीने उडवतो. ते मला पुढे सरकवता येत नाही. चाल आप्पांची आहे.