अंबाजीरावांचे दोनशे चाळीस हप्ते

अंबाजीराव बिरादारांच्या घरात भिंतीला एकही खिळा नाही. देवांचे फोटो कपाटावर टेकून उभे, कॅलेंडर खिडकीच्या गजाला सुतळीनं बांधलेलं आणि घड्याळ फ्रिजवर ठेवलेलं. नव्या माणसाला वाटतं, ही मंडळी कालच राहायला आलीत, सामान लावायचं राहिलंय. त्यांना इथं वीस वर्षं झाली.

नल्लकुंट्यातल्या आमच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर त्यांचं दार आणि माझं दार समोरासमोर. मी काचीगुडा स्टेशनवर तिकीट खिडकीत बत्तीस वर्षं बसलो, आता निवृत्त आहे. लोकांना रांगेत उभं करून खेकसायची सवय अजून गेलेली नाही, असं घरचे म्हणतात. अंबाजीराव मूळचे उदगीरकडचे. कोठी भागात औषधांच्या एका घाऊक दुकानाचं गोदाम ते सांभाळतात. अठ्ठावन्न वर्षांचे आहेत आणि पुढच्या वर्षी घरी बसणार आहेत.

खिळा नाही, कारण वास्तुशांत नाही. दोन हजार पाच साली आम्ही दोघांनी एकाच महिन्यात फ्लॅट घेतले. बँक एक, कर्जही सारखंच, बारा-बारा लाख. वीस वर्षांची मुदत, व्याज साडेआठ टक्के, हप्ता दहा हजार चारशे चौदा. मी चारचौघांसारखी वास्तुशांत केली, जेवणं घातली, मोकळा झालो. अंबाजीरावांनी नुसतं दूध उतू घालवलं. म्हणाले, कागद बँकेत आहेत तोवर घर बँकेचं, दुसऱ्याच्या घरात मी कशाला वास्तुपुरुष पुरू? कर्ज फिटू द्या, मग करू की. मी त्यांना बरंच समजावलं. पण हा माणूस नाकासमोर चालणारा, एकदा बोलला की बोलला.

सगळ्यांत जड गेलं ते त्यांच्या बायकोला, गंगूवहिनींना. सुरुवातीच्या रकमेसाठी त्यांच्या पाटल्या मोडल्या होत्या, ते त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही. पण शांत न केलेल्या घरात राहायचं, याची त्यांनी मनात धास्ती घेतली. अंबाजीरावांना कावीळ झाली, तेव्हा त्या माझ्याकडे येऊन म्हणाल्या की वास्तू शांत नाही म्हणून हे होतंय. मुलीचं, रेणूचं, लग्न दोनदा मोडलं तेव्हाही त्यांना तेच वाटलं. रेणूचं पुढं चांगलं झालं, ती निजामाबादला नांदतेय, तरी वहिनींची धास्ती गेली नाही. वीस वर्षं ती बाई वास्तुशांतीच्या एका दिवसाची वाट पाहत होती. घर पाहावं बांधून, लग्न पाहावं करून, असं म्हणणाऱ्यांच्या काळी बँका नसाव्यात. असत्या तर त्यांनी तिसरं काहीतरी नक्की जोडलं असतं.

आता अंबाजीरावांची कामाची पद्धत सांगायला हवी, कारण सगळं तिच्यातूनच झालं. गोदामात माल आला की ते चलनावरचा आकडा आणि खोकी ताडून पाहतात. आकडा जुळला की निळ्या पेनानं बरोबरची खूण करायची आणि कागद फायलीत लावायचा. तीस वर्षांत त्यांच्या हातून एक खोकं इकडचं तिकडं झालेलं नाही, शेटजींना त्यांचा मोठा भरवसा. घरीही तेच. विजेचं बिल असो की गॅसची पावती, आकडा बघायचा, खूण करायची, फायलीत लावायचं. बँकेची पत्रं यायची, सगळी इंग्रजीत, पानभर बारीक अक्षरात. त्यात हप्त्याची चौकट कुठं असते ते त्यांना पाठ होतं. तिथं दहा हजार चारशे चौदा दिसले की निळी खूण.

पहिलं वर्ष सरत आलं आणि व्याज वाढायला लागलं. आमचं कर्ज बदलत्या व्याजाचं होतं. व्याज वाढलं की बँक एकतर हप्ता वाढवते, नाहीतर महिने. बँकेनं आमचा हप्ता तसाच ठेवला आणि महिने वाढवले, कारण हप्ता वाढला की गिऱ्हाईक ओरडतं, महिने वाढले तर कुणाला पत्ताही लागत नाही. मलाही लागला नसता. आमच्या स्टेशनवर अप्पाराव म्हणून एक हेडक्लार्क होते, त्यांनी माझं पत्र वाचलं आणि कपाळाला हात लावला. व्याज सव्वादहा टक्क्यांवर गेलं होतं. म्हणजे दहा हजार चारशे चौदातले नऊ हजार नऊशे नुसत्या व्याजात चालले होते, मुदलात जेमतेम पाचशे पडत होते. असंच चालू ठेवलं तर आणखी तीस वर्षं फेडत बसशील, असं अप्पारावांनी मला सरळ सांगितलं. मी दुसऱ्याच दिवशी बँकेत जाऊन भांडलो आणि हप्ता तेराशेनं वाढवून घेतला. फार जड गेला तो, दोन वर्षं घरात नवा कपडा आला नाही.

त्याच आठवड्यात जिन्यात अंबाजीराव भेटले. माझा हप्ता वाढल्याचं त्यांना कुठूनतरी कळलं होतं. ते हसले आणि म्हणाले, "दिलीपराव, तुम्हाला गाठलं बघा बँकेनं. आम्हाला एक रुपया वाढवला नाही."

मला राग आला. खरं सांगायचं तर फार राग आला. मी इंग्रजी पत्र वाचून घेतलेला, भांडून आलेला, शहाणा; आणि हा गोदामवाला मला हसतोय. ओठांवर आलेलं मी गिळलं. मनात म्हटलं, बरं बाबा, तू हुशार. कळेल तुला तेव्हा कळेल. दोन मिनिटांचं काम होतं. त्यांना घरात बोलावून पत्र समोर ठेवलं असतं तर वाद झाला असता, पण ऐकलं असतं त्यांनी. आज सांगू, उद्या सांगू म्हणता म्हणता राग गेला आणि त्याबरोबर गोष्टही विसरली. नंतर आठवली तेव्हा इतकी वर्षं झाली होती की आता कुठल्या तोंडानं सांगायचं, असं वाटलं. एव्हाना त्यांनीही कुठंतरी विचारलं असेल, अशी मी स्वतःची समजूत घालून घेतली. मला निवृत्तीचे पैसे मिळाले त्यात मी माझं उरलेलं कर्ज फेडून टाकलं. त्याला चार वर्षं झाली.

गेल्या मे महिन्यात पाच तारखेला अंबाजीरावांच्या खात्यातून दोनशे चाळिसावा हप्ता गेला. पुढच्या आठवड्यातल्या शुक्रवारी वास्तुशांत ठरली होती. काचीगुड्याचे गुरुजी सांगून झाले होते, कोठीत ऐंशी पत्रिका छापून घेतल्या होत्या आणि आचाऱ्याला उचल दिली होती. रेणू चार दिवस आधीच येणार होती. सहा तारखेला सकाळी अंबाजीरावांनी इस्त्रीचा शर्ट घातला, पेढ्यांचा पुडा आणि फाईल घेतली आणि माझं दार वाजवलं. कागद आणायला चला म्हणाले, दोघांनी एकदमच कर्ज घेतलं होतं, शेवटाला तुम्ही पाहिजे. नाही म्हणायला तोंड नव्हतं, म्हणून गेलो.

बँकेत श्रुती नावाची एक मुलगी बसली होती, रेणूपेक्षाही लहान असेल. अंबाजीरावांनी आधी पेढे पुढं केले. तिनं एक घेतला, खाते क्रमांक घातला आणि पेढा तसाच हातात धरून पडद्याकडे बघत राहिली. मग तिनं सांगितलं की कर्ज अजून शिल्लक आहे. सात लाख बावीस हजार. अठ्ठ्याण्णव हप्ते.

अंबाजीराव हसले. त्यांना वाटलं तिनं दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलंय. त्यांनी नाव सांगितलं, फ्लॅटचा नंबर सांगितला, दोनशे चाळीस झाले म्हणून सांगितलं. तिनं परत बघितलं. मग खुर्ची त्यांच्याजवळ ओढून ती हलक्या आवाजात म्हणाली, "अंकल, हप्ता नहीं बढ़ाया ना, इसलिए महीने बढ़ गए."

तिनं पडदा आमच्याकडे वळवला. वीस वर्षांत अंबाजीरावांनी जवळजवळ पंचवीस लाख भरले होते. त्यातले वीस लाखांवर व्याज होतं. मुदलातले पावणेपाच लाख सुटले होते. अजून अठ्ठ्याण्णव हप्ते म्हणजे आणखी दहा लाख. बारा लाखांच्या घराचे सगळे मिळून पस्तीस. ते आकडे मी वाचत होतो आणि प्रत्येक आकडा मला आधीपासून ठाऊक असल्यासारखा वाटत होता.

अंबाजीरावांनी फाईल उघडली. आम्हाला कुणी सांगितलं नाही, असं ते म्हणणार होते, तसं त्यांनी तोंडही उघडलं. श्रुतीनं पहिल्या वर्षानंतरचंच पत्र उघडून बोट ठेवलं. हप्त्याच्या चौकटीवर निळी खूण होती. तिच्या शेजारच्या चौकटीत उरलेले महिने होते. त्यांच्या हिशेबानं तिथं दोनशे अठ्ठावीस हवे होते, छापलेले होते दोनशे एकसष्ट. पुढच्या पत्रात तीनशे साठ. प्रत्येक पत्रावर निळी खूण, प्रत्येक खुणेच्या शेजारी चुकीचा आकडा. ते पान उलटत गेले. शेवटपर्यंत गेले आणि फाईल मिटली.

त्या मुलीवर चिडायला मी तयारच होतो, पण चिडण्यासारखं तिनं काहीच केलं नव्हतं. तिनं मार्ग सांगितले. उरलेली रक्कम एकदम भरा, नाहीतर हप्ता वाढवा, नाहीतर आहे तसं चालू द्या. अंबाजीरावांच्या प्रॉव्हिडंट फंडात चार लाखांच्या आसपास आहेत आणि म्हातारपणासाठी तेवढेच आहेत. हप्ता वाढवायचा तर पुढच्या वर्षी पगारच नाही. आहे तसं चालू दिलं तर ते सहासष्टाव्या वर्षापर्यंत फेडत राहणार, तेही कुठून, ते त्या पडद्यावर लिहिलेलं नव्हतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचार करून सांगतो म्हणाले. पेढ्यांचा पुडा ते टेबलावरच ठेवून निघाले. तिनं मागून हाक मारली, पण ते थांबले नाहीत.

आम्ही ऑटो केला. बरकतपुरा आला तेव्हा बाहेर बघत त्यांनी विचारलं, "तुमचं कधी फिटलं हो?"

"चार वर्षांपूर्वी."

"तुमचा हप्ता वाढला होता, तो याच्यापायी?"

"हौ."

आता ते बोलतील म्हणून मी वाट पाहिली. शिवी दिली असती तरी मी घेतली असती, त्या क्षणी मला ती हवीच होती. ते म्हणाले, "मी हसलो होतो तुम्हाला." एवढंच म्हणाले. मला स्वतःची इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती.

घरी गंगूवहिनी उरलेल्या पत्रिकांना हळदीकुंकू लावत बसल्या होत्या. अंबाजीराव त्यांच्यासमोर खाली बसले आणि त्यांनी सगळं सांगितलं. आकडे जसे होते तसे, काही लपवलं नाही. निळ्या खुणांचंसुद्धा सांगितलं. वहिनी रडल्या नाहीत. त्यांनी बोटाचं कुंकू पुसलं. मग म्हणाल्या, शुक्रवारचं करून टाकू की, लोकांना काय माहीत. अंबाजीराव म्हणाले, "मला माहीत आहे ना." त्यावर वहिनींनी हट्ट केला नाही. माझ्या मनात आलं, आजतरी करा हट्ट, एकदा तरी करा. पण त्यांनी फोन घेतला आणि गुरुजींना सांगितलं की कार्य पुढं ढकललंय. गुरुजींनी कधीपर्यंत म्हणून विचारलं असावं. वहिनींनी नवऱ्याकडे पाहिलं आणि कळवते म्हणून फोन ठेवला.

मी दारातच उभा होतो. आत जावं की आपल्या घरी जावं, ते कळत नव्हतं. वहिनी पत्रिका गोळा करता करता म्हणाल्या, "मी म्हणत होते की नाही, ते बँकेचे कागद एकदा भाऊजींना दाखवा म्हणून. त्यांना कळतं त्यातलं. त्यांनी सांगितलं असतं."

अंबाजीरावांनी माझ्याकडे बघितलं. रागानं नाही, नुसतं बघितलं. एका खोक्याचा हिशेब कधी चुकवला नाही असा तो माणूस बायकोला म्हणाला, "त्यांना तरी कुठं माहीत होतं."

वहिनींनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. आणि मी, हो म्हणून, मान हलवली.