वाईनसारखा दिसणारा समुद्र

सेवास्तीबाईंनी कालिम्नोस बेटावरच्या शाळेत बावीस वर्षं प्राचीन ग्रीक शिकवलं. नवरा थेमेलिस पाणबुड्या, समुद्रतळातून स्पंज काढणाऱ्या नावेवर, वर्षातले सहा महिने आफ्रिकेच्या किनाऱ्याला. देशात लष्करातल्या कर्नलांचं राज्य आलं आणि सरकारला न पटणाऱ्या मास्तरांच्या नोकऱ्या पटापट जाऊ लागल्या. दुसऱ्या वर्षी, ईस्टर झाल्यावर, अथेन्सहून तपासणीला साहेब आले.

ते मागच्या बाकावर बसले. फळ्यावर एकच शब्द होता : ओइनोप्स. जुन्या कवींनी समुद्राला लावलेलं विशेषण.

"पुस्तकात 'काळसर' असा अर्थ दिलाय," साहेब म्हणाले. "मुलींच्या वहीत तो दिसत नाही."

"शब्द फोडला साहेब, तर 'ओइनोस' म्हणजे वाईन, 'ओप्स' म्हणजे डोळा, चेहरा. वाईनसारखा दिसणारा. रंगाचं नाव त्यात कुठंच नाही."

"मग समुद्र लाल होता म्हणायचं?"

"त्याच कवींनी बैलांनाही हेच विशेषण लावलंय, साहेब."

कुणीतरी खुदकन हसलं. साहेबांची मान ताठ झाली. "खरा अर्थ सांगा. सरकारी पुस्तक चूक आहे का?"

बाईंनी खडू खाली ठेवला.

तेवढ्यात कालोतिना नावाची, एका पाणबुड्याची मुलगी उभी राहिली. "बाबांचं प्रेत नावेतून उतरवलं, तेव्हा मी धक्क्यावर होते. समुद्र लाल नव्हता, काळाही नव्हता. मातीच्या पेल्यातल्या वाईनसारखा होता. वर चमक, तळ दिसेना."

"तुला कुणी विचारलं?"

"तू बस, बाळ," बाई म्हणाल्या. मग साहेबांकडे वळल्या. "नक्की अर्थ कुणालाच ठाऊक नाही, साहेब. पुस्तक लिहिणाऱ्यालाही नाही. मुलांना मी खोटं सांगणार नाही."

साहेबांनी काहीतरी टिपून घेतलं आणि निघून गेले.

तीन आठवड्यांनी हुकूम आला. बदली, समुद्रापासून दूर, पिंदोसच्या डोंगरातल्या एका खेड्यात. बाई एक ट्रंक घेऊन एकट्याच गेल्या.

शरद ऋतूत थेमेलिस परतला, तर घराला कुलूप. शेजारणीकडून हकिगत कळल्यावर तो तसाच बोटीत बसला, मग दोन बस बदलून, शेवटचा चढ पायी चढून वर पोचला. आयुष्यभर समुद्रात खाली बुड्या मारणारा माणूस, धापा टाकत दारात उभा.

"एका शब्दापायी, सेवास्ती?"

"हो."

त्यानं खांद्यावरची पिशवी उतरवली. "गारठलोय. शेगडीत लाकूड सार."

तो पुन्हा नावेवर गेला नाही.