शुक्रवारचं तळण

नारीन शहरात मानतात, की शुक्रवारी ज्या घरातून तळणाचा वास येत नाही, त्या घरातली वारलेली माणसं दारापर्यंत येऊन उपाशी परततात. कलिपाने नवरा जुमाबेक गेल्यापासून हा नेम एकदाही मोडला नव्हता. चौथ्या मजल्यावरच्या खिडकीतून बोरसोकांचा, तेलात फुगवलेल्या कणकेच्या तुकड्यांचा, खमंग वास खाली उतरला, की बाकावरच्या बायका म्हणायच्या, "जुमाबेकला पोचलं हो!"

त्या शुक्रवारी मात्र कणीक फुगून, चौकोनी तुकडे कापून तयार, कढईत तेल ओतलेलं, आणि विजेच्या शेगडीच्या दोन्ही तबकड्या थंडगार. खालचा ओव्हन तेवढा तापत होता. नेमका त्याच वेळी धाकटा दीर तुर्दाली गावाहून टपकला.

तुर्दालीचा या फ्लॅटवर डोळा होता. त्याच्या मुलाचं लग्न ठरलं होतं आणि वहिनीने गावी येऊन आपल्या घरात राहावं, फ्लॅट पोराला द्यावा, हे तो गोड बोलून सुचवत आला होता. आज त्याला आयतंच निमित्त मिळालं.

"तबकड्या जळाल्या, वहिनी. या शेगडीचं आयुष्य संपलं."

"दोन्ही एकाच क्षणाला जळाल्या?" कलिपाने विचारलं. "जुळ्या बहिणी होत्या का?"

"चेष्टा करू नका. विधवेच्या घरचा विस्तव विझला, की तिनं सासरच्यांच्या विस्तवापाशी यावं, ही आपली रीत आहे. दादाच्या नावानं यापुढे आमच्याकडे तळू."

कलिपाच्या अंगाचा तिळपापड झाला. या माणसाने दोन वर्षांत भावासाठी चमचाभर तेल तापवलं नव्हतं. तिने शेगडीची पिन काढली, शेगडी भिंतीपासून ओढली आणि सुरीच्या टोकाने मागच्या पत्र्याचे स्क्रू सोडायला घेतले.

"अहो, बाईमाणसानं त्यात हात घालायचा नसतो!"

"मग तुम्ही घाला."

तुर्दालीने हात घातला नाही, मान मात्र घातली. आत चिनी मातीचे दोन पांढरे फ्यूज होते, एक तबकड्यांचा, एक ओव्हनचा. "हे बघा, दोन्ही कसे स्वच्छ. कुठे काळं नाही. फ्यूज ठीक आहेत. आता बांधाबांध करा."

जुमाबेक ही शेगडी उघडायचा तेव्हा टॉर्च धरायचं काम कलिपाचं असायचं, आणि टॉर्च धरणाऱ्याला दिसतं. फ्यूजची तार मातीच्या पोटात असते. ती तुटली तरी बाहेरून पत्ता लागत नाही. तिने टॉर्चमधला सेल आणि बल्ब काढला, तारेचे दोन तुकडे जोडले आणि ओव्हनचा फ्यूज मध्ये धरला. बल्ब लागला. मग तबकड्यांचा धरला. बल्ब लागला नाही. टोकं घासून पुन्हा धरला, तरी नाही.

"शेगडी जिवंत आहे," ती म्हणाली. "हा मेलाय."

"नवा कुठून आणणार? बाजार बंद झाला, आता सोमवारीच उघडेल." तुर्दालीच्या आवाजात आशा होती. "फार तर वरून तांब्याची तार गुंडाळू."

"तुमच्या घरी गुंडाळली होतीत ना? भिंत अजून काळी आहे."

तिने दोन्ही फ्यूजवरचे आकडे खिडकीशी नेऊन ताडून पाहिले. सारखेच होते. मग ओव्हनचा चांगला फ्यूज तबकड्यांच्या जागी बसवला, पत्रा लावला, पिन खोचली. ओव्हन सोमवारपर्यंत बंद राहिला तरी तिचं काही अडत नव्हतं. थोड्या वेळात तेल तापलं, आणि पहिला बोरसोक टम्म फुगून वर आला. कलिपाने खिडकी सताड उघडली.

तुर्दाली टोपी घालून दाराशी पोचला होता. "निघतो मी. उशीर झाला."

"असे कसे निघता, भावोजी?" ती ताट घेऊन त्याच्या वाटेत उभी राहिली. "या घरातून कोणी तोंडात घास न घालता गेलेलं नाही. घ्या. आणि घरात पुरुष आहे तर दुआही तुम्हीच मागा."

रीत म्हटल्यावर त्याला पळवाट उरली नाही. त्याने बोरसोकाचा तुकडा तोंडात टाकला, हात पसरले आणि खाली मान घालून पुटपुटला, "या घरातला विस्तव कधी विझू नये."

"मोठ्यानं," कलिपा म्हणाली. "तुमच्या भावाला शेवटी शेवटी कमी ऐकू यायचं."